आसावरी, यादव मॅडम, चन्नम्मा... आणि अमृता सुभाष

पावसाळी_ढग

परवा घरी गंमत झाली. मावशी आठ दिवस राहायला आली आहे. तहसील कचेरीत ३१ वर्षं नोकरी, आता निवृत्त, त्यामुळे रिमोटचा पूर्ण कार्यभार तिच्याकडे. लेक तिच्या लॅपटॉपवर ‘सेक्रेड गेम्स’चा दुसरा सीझन बघत बसली होती. केनियात गुंड गायतोंडेला बोटावर नाचवणारी ती रॉची (गुप्तहेर खात्याची) बाई बोलत होती. मावशीने चष्मा नाकावर सरकवला आणि म्हणाली, “अगं, ही तर आपली आसावरी!”

लेकीला कळेना. तिच्या लेखी ही ‘यादव मॅडम’. आसावरी कोण?

मग मी दोघींना समजावलं की ‘अवघाचि संसार’मधली सोसणारी सून आणि ही बाई एकच, अमृता सुभाष. ‘गली बॉय’मधली रणवीरची अम्मी पण तीच. यावर लेक म्हणाली, “चल, काहीही!” तिने तो पिक्चर तीनदा पाहिलाय.

तेव्हापासून डोक्यात आहे. २००४ च्या ‘श्वास’पासून धरलं तर वीस वर्षांहून जास्त काम. छोटे सिनेमे, मालिका, वेबसिरीज, नाटक सगळं. दोन राष्ट्रीय पातळीवरची कामं तर लगेच आठवतात. तरी माझ्या एकाच घरात तिला ओळखणाऱ्या तीन जणी तीन वेगळ्या बायकांना ओळखतात. नट म्हणून हे जिंकणं आहे की कुठेतरी हातातून काही निसटलंय? तुम्हाला काय वाटतं? आणि तुमच्यासाठी अमृता सुभाष म्हणजे कोण?

---

चिंचगुळाची_आमटी

पहिला नंबर माझा!

माझ्यासाठी ‘गंध’मधली वीणा. लग्नाचं वय उलटत चाललेली मुलगी, कॉलेजात कारकुनी आणि एका मुलाच्या अंगाच्या वासामागे वेडी. अगरबत्तीच्या दुकानावरून जाताना मला अजून ती आठवते.

---

कट्ट्यावरचा_बंड्या

किल्ला. विषय संपला.

---

मुळाक्षर

@पावसाळी_ढग, प्रश्न चांगला आहे पण मांडणी जरा भाबडी वाटली. नटाला ओळखू न येणं हे काही आपोआप गुणवत्तेचं लक्षण नाही. मेकअप आणि कपडे बदलले की निम्मे लोक शेजाऱ्यालाही ओळखत नाहीत.

आणि अप्रिय असलं तरी सांगतो, मला तिचा अभिनय अनेकदा जास्तीचा वाटतो. चेहरा फार बोलतो. डोळे, भुवया, ओठ सगळे एकदम कामाला लागतात. ‘वळू’तली संगी त्याला चालून गेली, कारण तो सिनेमाच गावजत्रेसारखा आहे. पण इतर ठिकाणी मला सतत जाणवत राहतं की बाई अभिनय करते आहे.

दिवे घ्या, म्हणजे हलकेच घ्या.

---

चिंचगुळाची_आमटी

मुळाक्षर, दिवे घेतले. आता तुम्ही ‘किल्ला’ घ्या आणि परत एकदा बघा.

---

समुद्रफेस

मी गुहागरकडचा, म्हणून ‘किल्ला’वर थोडं. शूटिंग आमच्याच भागातलं, तेव्हा गावात ज्याच्या त्याच्या तोंडी तेच होतं.

नवरा गेलाय, बदली होऊन कोकणात आलीय, मुलगा अकरा वर्षांचा आणि तिच्यावर रागावलेला. अरुणा काळे नावाच्या या बाईला पूर्ण सिनेमात मोठं असं वाक्य जवळजवळ नाही. पाऊस पडतो, ती दारात उभी राहते. स्वयंपाकघरात काहीतरी करत राहते. परक्या गावात नवीन भाडेकरू बाई पहिले दोन महिने जशी वागते ना, म्हणजे भांड्यांचा आवाजसुद्धा बेताने करते, तशी ती वावरते. माझ्या आईने बघताक्षणी सांगितलं, “ही घाटावरून आलेली दिसते.” आमच्याकडे याहून मोठं प्रमाणपत्र नाही.

अविनाश अरुण मुळात कॅमेऱ्याचा माणूस, हा सिनेमाही त्याने स्वतःच शूट केला. त्यामुळे नटाने कमी करायचं आणि बाकीचं पावसाने, असा कारभार. त्यात ती कुठेही उठून दिसत नाही, हेच मला मोठं वाटतं. मुळाक्षर म्हणतात तो बोलका चेहरा तिने इथे चक्क मिटून ठेवलाय.

---

मुळाक्षर

समुद्रफेस, हे मान्य. ‘किल्ला’ला माझी हरकत नाही. पण मग प्रश्न असा, की तिथे श्रेय तिचं की दिग्दर्शकाचं?

---

कट्ट्यावरचा_बंड्या

आला! अंडं आधी की कोंबडी आधी, हा धागा स्वतंत्र काढा.

(आणि ‘बंड्या’ हे नाव मी ‘किल्ला’तल्या बंड्याच्या, म्हणजे पार्थ भालेरावच्या आधीपासून लावतोय, कोणी विचारायच्या आत सांगून ठेवतो.)

---

बूमवाला

मी साउंडच्या खात्यात आहे, दोन्हीकडे काम करतो, मालिका पण आणि छोटे सिनेमे पण. नावं घेत नाही. पण ‘जास्तीचा अभिनय’ हा मुद्दा निघालाय तर जरा सेटवरचं सांगतो.

डेली सोपमध्ये दिवसाला एक भाग निघायला हवा. म्हणजे वीस-बावीस मिनिटांचं फुटेज रोज. संवादाची पानं बऱ्याचदा सकाळी मेकअपच्या खुर्चीत हातात पडतात, कधी शॉट लागल्यावर. आधी शूट करून ठेवलेल्या भागांची बँक संपली की मग तर आज शूट, उद्या टेलिकास्ट. एका वाक्यावर घरातल्या सात माणसांच्या रिॲक्शन घ्यायच्या, प्रत्येकाचा क्लोजअप वेगळा. समोरचा नट तोवर पॅकअप करून गेलेला असतो, तुम्ही स्टँडकडे बघून रडायचं. शिवाय बघणारी बाई पोळ्या लाटता लाटता अर्धं लक्ष देऊन बघतेय हे धरूनच सगळं आखलेलं असतं. चेहरा मोठा केला नाही तर ते तिच्यापर्यंत पोचत नाही.

छोट्या सिनेमात उलट. दिवस मोजके, पैसे मोजके, पण वाचनं होतात, तालमी होतात. सिंक साउंड असतो. म्हणजे जो आवाज तिथे निघाला तोच पडद्यावर, नंतर डबिंगमध्ये सावरून घेता येत नाही. श्वास घेतलेला सुद्धा माझ्या हेडफोनमध्ये येतो. मालिकेतून थेट तिथे आलेले पुष्कळ नट पहिले दोन दिवस ओरडतात. अक्षरशः. मला माइकचा गेन, म्हणजे आवाजाची पातळी, खाली आणावी लागते.

चार वर्षं डेली सोप केल्यावर हे दोन्ही आवाज अंगात वेगवेगळे ठेवणं हे काम अवघड आहे. श्रेय दिग्दर्शकाचं असतंच, पण दिग्दर्शक ‘कमी कर’ एवढंच म्हणू शकतो. कमी केल्यावर आत काहीतरी शिल्लक असावं लागतं.

---

पावसाळी_ढग

बूमवाला, फार छान माहिती. “स्टँडकडे बघून रडायचं” हे मावशीला वाचून दाखवलं. तिचा विश्वास नाही बसला. “प्रसाद ओक समोर नसताना ती एवढी रडायची?”

---

फोडणीचा_भात

अवांतर: ज्ञानेश्वरांनी ‘अवघाचि संसार सुखाचा करीन’ लिहिलं आणि मालिकावाल्यांनी बरोब्बर ‘सुखाचा’ शब्द वगळून नाव ठेवलं. अंतर्यामी ठाऊक होतं त्यांना.

---

चिंचगुळाची_आमटी

हहपुवा (हसून हसून पुरेवाट!)

---

गडद_निळा

त्या मालिकेला हसू नका हो. २००६ ते २०१०, आमच्या हॉस्टेलच्या टीव्ही हॉलमध्ये मुली ताटं घेऊन यायच्या. आसावरीचा नवरा हर्षवर्धन भोसले पडद्यावर आला की शिव्या सुरू. सिनेमावाल्यांना वाटतं मालिका म्हणजे वाया गेलेली वर्षं. पण एनएसडीत (राष्ट्रीय नाट्य विद्यालयात) शिकलेली, सत्यदेव दुबेंसारख्या नाट्यदिग्दर्शकाच्या हाताखाली तयार झालेली मुलगी रोज रात्री माझ्या हॉस्टेलात येत होती. ‘गंध’ माझ्या गावात लागलाच नाही.

आणि बघा, ‘वळू’ आणि ‘गंध’ दोन्ही मालिका चालू असतानाच आले. म्हणजे इकडे आसावरी रडतेय, तिकडे संगी बैलाच्या भानगडीत, आणि मधेच वीणा उदबत्तीच्या वासामागे!

---

सोलापुरी_चादर

माझ्यासाठी ‘अस्तु’ची चन्नम्मा. इथे अजून कोणी नाव घेतलं नाही म्हणून आश्चर्य वाटलं.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: डॉ. मोहन आगाशे संस्कृतचे मोठे पंडित, चक्रपाणी शास्त्री. अल्झायमर झालाय. मुलगी (इरावती हर्षे) त्यांना गाडीत बसवून दुकानात जाते आणि तेवढ्यात रस्त्याने हत्ती जातो. शास्त्री उतरतात आणि हत्तीच्या मागे चालू लागतात. हत्तीवाल्याची बायको म्हणजे चन्नम्मा. तिला मराठी धड येत नाही, यांना आपलं नाव आठवत नाही. हळूहळू शास्त्री तिला आई म्हणायला लागतात, आणि ती होते त्यांची आई. पोर कडेवर आहेच, हे अजून एक.

आमच्या घरात कानडी-मराठी दोन्ही बोलतात. सिनेमातली कानडी म्हणजे बहुतेक वेळा मराठीलाच ‘अप्पा, अण्णा’ची फोडणी. इथे तसं नव्हतं. माझी आजी शेजारी बसून चन्नम्माच्या वाक्यांना उत्तरं देत होती. हे मी स्वतः पाहिलंय. या कामासाठी तिला सहायक अभिनेत्रीचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं, ‘शिप ऑफ थिसियस’मधल्या आयदा अल-काशेफबरोबर विभागून.

---

मुळाक्षर

चन्नम्मा उत्तम होती. शब्द मागे घेत नाही, पण एक अपवाद वाढवतो. किल्ला, अस्तु.

---

कट्ट्यावरचा_बंड्या

धाग्याच्या शेवटापर्यंत मुळाक्षरांची बाराखडी पूर्ण होणार.

---

निवांत_काका

‘अस्तु’चा विषय निघाला म्हणून लिहितो. माझ्या वडिलांना शेवटची सहा वर्षं हाच आजार होता. सिनेमा तयार होऊन पारितोषिक मिळालं तरी थिएटरात यायला २०१६ उजाडलं, त्यासाठीही लोकांकडून पैसे गोळा करावे लागले होते. मी पाहिला तो एका छोट्या सभागृहातल्या खेळाला. नंतर चर्चा होती. अर्धे लोक माझ्यासारखेच, घरात कोणीतरी विसरत चाललेलं.

चन्नम्मा शास्त्रींना भरवते. तिला त्यांचं पांडित्य माहीत नाही, त्यामुळे काय गमावलं याचं दुःखही नाही. भूक लागलेला म्हातारा माणूस आहे, इतकंच. आम्ही वडिलांना सतत “दादा, आठवतंय का?” विचारायचो. ती एकदाही काही आठवायला सांगत नाही. मी घरी येऊन बायकोला म्हटलं, आजपासून दादांची परीक्षा घेणं बंद.

अभिनयातलं मला कळत नाही. पण त्या दिवसानंतर घरातली भांडणं कमी झाली.

---

समुद्रफेस

काका, __/\__

---

चिंचगुळाची_आमटी

काका, प्रतिसाद वाचून काही सुचेना. वाचनखूण साठवली.

---

टेक_टू

जरा मूळ प्रश्नाकडे. ‘निसटलं’ असेल तर ते काय, याचं एक उदाहरण देतो.

‘गंध’ २००९ चा. त्यातल्या पहिल्या गोष्टीवरून सचिन कुंडलकरनेच २०१२ मध्ये हिंदीत ‘अय्या’ केला. वीणाची भूमिका गेली राणी मुखर्जीकडे. दिग्दर्शक तोच, गोष्ट तीच. राणीबद्दल तक्रार नाही, ती मोठीच नटी आहे. पण बाजार कसा चालतो ते यात दिसतं. छोट्या सिनेमातला नट भूमिका घडवतो, त्या भूमिकेचं बजेट वाढलं की नट बदलतो.

आणि ‘अय्या’ आपटला. मराठीत चाळीसेक मिनिटांत जे वासासारखं हलकं होतं, त्याला हिंदीत गाणी, स्वप्नं आणि रंग लावले.

---

गडद_निळा

टेक_टू, पटलं. आणखी एक. ‘गली बॉय’मध्ये ती रणवीरची आई आहे. रणवीर १९८५ चा, ती १९७९ ची. सहा वर्षांनी मोठी आई! विजय राझ तिचा नवरा, तो १९६३ चा. हिंदीत चाळिशीच्या बाईला एकतर आई करायचं नाहीतर घरी बसवायचं.

---

फोडणीचा_भात

सहा वर्षं म्हणजे बालविवाहाच्याही पलीकडचं प्रकरण झालं.

---

मुळाक्षर

गडद_निळा, इथे मी उलट बाजूने बोलणार आहे, बंड्याला आनंद होईल. वयाचा मुद्दा खरा, पण भूमिका बघा. नवरा सनईच्या सुरात दुसरी तरुण बायको घरात आणतो आणि रझियाला दारातच उभं राहायचं आहे. मुराद कानात इअरफोन घालतो, त्याची सुटका होते. तिला कानात घालायला काही नाही. तो एक चेहरा मला विसरता येत नाही. फिल्मफेअर मिळालं ते योग्यच.

आणि जाता जाता, त्या घरातली म्हातारी आजी कोण? ज्योती सुभाष. म्हणजे सख्खी आई पडद्यावर सासू!

---

चिंचगुळाची_आमटी

काय सांगता! मी दोनदा पाहिला आणि ज्योतीताई कळल्याच नाहीत.

‘गंध’मध्ये त्या आईच होत्या ना वीणाच्या? आईची सासू होणं हे फक्त मराठी नटीच्याच नशिबी.

---

कट्ट्यावरचा_बंड्या

बाराखडी पूर्ण. मुळाक्षर आता जोडाक्षरांवर आले.

---

परदेशी_पाखरू

मी न्यू जर्सीत असते. इथे माझ्या बंगाली आणि तमिळ मैत्रिणींना तिचं नाव आधी माहीत झालं ते ‘बॉम्बे बेगम्स’मुळे. लिली. बारमध्ये नाचलेली बाई, आता मुलाला मोठ्या शाळेत घालायचंय म्हणून कोणाशीही भिडायला तयार. मैत्रिणीने विचारलं, “हिला खरोखर तिथूनच शोधून आणलंय का?” मी अभिमानाने सांगितलं, नाही गं, पुण्याची आहे.

मग ‘लस्ट स्टोरीज २’मधली कोंकणा सेन शर्माने दिग्दर्शित केलेली गोष्ट आली. तिलोत्तमा शोम आणि ही. मालकीण आणि कामवाली. विषय असा की आईसमोर बघता येत नाही, पण मला त्यातलं भांडण जास्त लक्षात आहे. मुंबईत नवराबायकोला दार लावून घ्यायला खोली नाही, ही गोष्ट ती ज्या संतापाने आणि लाजेने एकाच वेळी दाखवते! सिनेमातली मोलकरीण एरवी चहाचा ट्रे ठेवून निघून जाते. ही ट्रे न ठेवताच बोलायला लागली.

---

वऱ्हाडी_ठेचा

काहून बा, ‘रमन राघव’चं कोणीच काढून नाही राह्यलं? नवाजुद्दीन बहिणीच्या घरी येते तो सीन. ती बहीण अमृताच हाय. भाऊ दारात उभा पाहून पयले तिच्या तोंडावर जे येते ना, भेव बी नाही आन आनंद बी नाही, मंधातलं काहीतरी. म्या रात्री अकराच्या शोले गेलतो नागपूरले, घरी येतानी दोनदा मांगं पाह्यलं.

---

टेक_टू

ठेचाभाऊ, बरोबर. अनुराग कश्यपचा पुढे ‘चोक्ड’ही. नोटबंदीची घोषणा टीव्हीवर होते, आणि मुलीच्या लग्नासाठी रोकड जमवलेली शर्वरीताई कोसळते. तो प्रसंग हसण्याच्या आणि रडण्याच्या मधल्या फटीत आहे. मुळाक्षर म्हणतात तसं ‘सगळं एकदम’ तिथे आहे, आणि तिथे तेच हवं होतं.

---

सुगरणीचा_खोपा

सगळे मोठमोठं बोलताहेत, मी साधं सांगते. मला ‘सास बहू अचार’ आवडली. नवऱ्याने दुसरं लग्न केलेलं, मुलं त्याच्याकडे, आणि ही जुन्या दिल्लीत लोणची विकून उभी राहते. सासू सुनेच्या बाजूने. मालिकेतल्या सासवांनी बघावी.

पण एक सांगू का, लोणच्याच्या बरण्या दिसल्या की माझं लक्ष गोष्टीत राहत नाही. मोहरीचं तेल एवढं! त्याचा उग्र वास आपल्याला नाही चालायचा.

---

सोलापुरी_चादर

मोहरीचं तेल कडकडीत तापवून गार केलं की उग्रपणा जातो. आमच्याकडे मात्र शेंगदाण्याचंच.

---

समुद्रफेस

कैरीच्या लोणच्यात शेंगदाणा तेल? आमच्याकडे तेलच बेताचं, मोहरीची डाळ चढलेली हवी. नाकात गेली पाहिजे.

---

सुगरणीचा_खोपा

समुद्रफेस, मोहरीची डाळ फेसून घालता की कोरडी?

---

कारभारी (संपादक)

मंडळी, लोणच्यासाठी पाककृती विभाग आहे. कृपया अमृता सुभाषवर या.

---

फोडणीचा_भात

कारभारी, विषय मुरू द्या जरा.

---

रंगपीठ

नाटकाचं कोणी बोललंच नाही, म्हणून मी.

‘ती फुलराणी’त तिने मंजुळा केली होती. भक्ती बर्वेंच्या नंतर त्या भूमिकेला हात लावायचा म्हणजे धाडसच. आमच्या पिढीने भक्तीताईंची मंजुळा पाहिलेली, त्यामुळे आम्ही हाताची घडी घालून, ‘दाखव काय ते’ अशा थाटात बसलो होतो. मी खरं सांगतो, मला भक्तीताईच हव्या होत्या. मध्यंतरानंतर घडी सुटली.

मला वाटतं धाग्यातल्या अर्ध्या प्रश्नांचं उत्तर नाटकात आहे. हा बोलका चेहरा, हा आवाज, हे शेवटच्या रांगेसाठी कमावलेलं आहे. कॅमेरा नाकासमोर आला की तो सांभाळून वापरायचा आणि परत रंगमंचावर गेलं की पुन्हा उघडायचा. बूमवाला दोन आवाज म्हणाले, मी तीन म्हणतो: नाटक, मालिका, सिनेमा. वेबसिरीज धरली तर चौथा, कारण ती मोबाईलवर, कानात हेडफोन घालून, आडवं पडून बघतात. आता त्याला कुठला अभिनय लागतो देव जाणे.

---

बूमवाला

रंगपीठ, चौथ्याचं गुपित सांगू? त्याला शेवटी सबटायटल लागतात, कारण अर्धे कुजबुजतात आणि नंतर मला शिव्या पडतात.

पण तिचे उच्चार मात्र कुजबुजीतही कळतात, हे नाटकाचंच देणं.

---

टेक_टू

पैशांबद्दल कोणी बोलत नाही म्हणून एक. कुठल्याही ठराविक व्यक्तीबद्दल नाही. ‘किल्ला’ फेब्रुवारी २०१४ मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला, मुलांच्या विभागातला क्रिस्टल बेअर मिळाला, मग राष्ट्रीय पारितोषिक, आणि आपल्या गावच्या थिएटरात आला जून २०१५ ला. ‘अस्तु’चं काकांनी सांगितलंच. म्हणजे नटाने काम केलं एका साली, लोकांनी पाहिलं दोन-तीन वर्षांनी. मधल्या काळात ओळख सांगायला काय? मालिका. आणि आता वेबसिरीज. ‘दोन्हीकडे काम करते’ असं आपण म्हणतो तेव्हा वाटतं आवड म्हणून. बऱ्याचदा ते घर चालवण्याचं गणित असतं आणि त्यात काही कमीपणा नाही.

आपला मूळ प्रश्न, निसटलं का? माझं उत्तर: तिच्या हातून नाही, आपल्या. सिनेमा लागला तेव्हा आपण गेलो नाही.

---

गडद_निळा

शेवटच्या वाक्याला मोदक, म्हणजे अनुमोदन. पण ‘आपण’ म्हणू नका. माझ्या गावात तो लागलाच नव्हता, हे मी वर लिहिलंय.

---

टेक_टू

हो, ते चुकलं माझं. मी पुण्यात राहून गेलो नव्हतो, ते सगळ्यांवर ढकललं.

---

मुळाक्षर

‘जारण’ कोणी पाहिला का? हृषीकेश गुप्तेचा, २०२५. तिथे अमृता सुभाष आणि अनिता दाते. भयपट म्हणून गेलो होतो, पण जास्त भीती वाटली ती राधाच्या मनाचा भरवसा वाटेना म्हणून. आणि तिथे तिने तो ‘जास्तीचा’ चेहरा पूर्ण सोडलाय, लगाम नाही. मला चक्क आवडलं.

म्हणजे मी या धाग्यावर आलो एक तक्रार घेऊन, आणि आता माझ्याकडे अपवादांची यादी तक्रारीपेक्षा मोठी झाली आहे. तरी ‘धमाका’मधली चॅनलची बॉस मला एकसुरीच वाटली. हे एक तरी राहू द्या माझ्याकडे.

---

कट्ट्यावरचा_बंड्या

घ्या, ठेवा.

---

परदेशी_पाखरू

@पावसाळी_ढग, तुम्ही धागा काढून कुठे गेलात? मावशींचं काय झालं?

---

पावसाळी_ढग

आहे आहे! रोज वाचतेय, लिहायला फुरसत नव्हती. सगळ्यांचे आभार, निवांत काकांचे विशेष.

काल रात्री मावशीला ‘किल्ला’ दाखवला. मनात होतं की संपल्यावर विचारायचं, बघ, हीच तुझी आसावरी, ओळखलीस का?

पहिली दहा मिनिटं तिने मुलाबद्दल हळहळ केली. मग अरुणाचं ऑफिस आलं. कागदांचे गठ्ठे, नवीन बाईला गोड बोलून सही करायला लावणारे सहकारी. मावशी सोफ्यावर पुढे सरकली. “नको करू सही. आधी टिपण्णी वाच. अगं वाच!” लेक हसायला लागली तर तिला गप्प केलं. पुढे ते प्रकरण अंगाशी येतं, तेव्हा मावशी उठून पाणी प्यायला गेली आणि आतूनच म्हणाली, “मी सांगत होते.” नंतरची बोट, समुद्र, मुलाचा राग, काही तिच्या डोळ्यांसमोर होतं असं मला वाटत नाही.

संपल्यावर बराच वेळ गप्प होती. मग १९८८ साली तिची बदली झाली होती, मावसभावाला इकडे शाळेत ठेवून ती एकटी तालुक्याच्या गावी राहिली होती, ते सांगत बसली. आम्हाला हे माहीतच नव्हतं. रात्रीचा एक वाजला.

आसावरीचं विचारायचं राहूनच गेलं.

---

समुद्रफेस

मावशींना सांगा, आमच्याकडच्या कचेरीत अजून तसेच गठ्ठे आहेत.

---

सुगरणीचा_खोपा

मस्त लिहिलंय, पावसाळी_ढग.

समुद्रफेस, डाळ फेसून की कोरडी ते राहिलं. कैऱ्या आणून ठेवल्यात.